समोरच्या घरातला फोन

डबा रिकामा परत आला. घासून लख्ख केलेला, झाकण घट्ट बसवलेला, आणि हातात घेताक्षणी कळावं इतका हलका. समोरच्या घरातले विश्वनाथन दारात उभे होते. अंगावर ऑफिसचे कपडे, पण दाढीचे खुंट तसेच. "मिसेस ने भेजा," एवढंच म्हणाले आणि कुमुद काही बोलायच्या आत जिना उतरून गेले. कुमुदने वेड्यासारखा डबा हलवून पाहिला, मग उघडला, मग झाकणाच्या आतल्या बाजूलाही नजर टाकली. काही नव्हतं. साखरेचे चार दाणेसुद्धा नव्हते. सरोजिनी नगरच्या या सरकारी क्वार्टर्समध्ये दोघींची दारं समोरासमोर येऊन एक तप उलटलं होतं, आणि एवढ्या वर्षांत हा डबा रिकाम्या पोटी घरी आला नव्हता. चिवडा गेला की मुरुक्कू यायचे, पुरणपोळी गेली की लिंबाचं लोणचं, आणि घरात काहीच नसेल त्या दिवशी तळाशी चिमूटभर साखर. शेजारणीचं भांडं रिकामं धाडू नये, हे कुमुदला कऱ्हाडला तिच्या आईने शिकवलं होतं आणि विजयालक्ष्मीला तंजावरला तिच्या आईने; त्या दोघी आया कधी भेटल्या नव्हत्या, पण एकाच शाळेत शिकल्यासारख्या होत्या. "अगं, विसरली असेल," शशिकांत पेपरामागून म्हणाला. कृषी मंत्रालयात इतकी वर्षं काढल्यावर नवऱ्याला जगातली कुठलीही गोष्ट विसरण्यावर ढकलता येऊ लागली होती. "विजया विसरत नाही." "मग बिझी असेल, यार. दिवाळी तोंडावर आलीय. एवढं काय त्यात? डबाच तो." डबाच तो. कुमुदने तो फळीवर ठेवला, मग तिथून उचलून ओट्याखाली सारला, येता-जाता दिसू नये म्हणून.

खरं दुखणं डब्याचं नव्हतंच. डब्यामागे दार होतं आणि दारामागे फोन होता. अख्ख्या जिन्यात फोन एकच, विश्वनाथन यांच्याकडे, कारण ते टेलिफोन खात्यात. कुमुदचा मुलगा जयंत लष्करात गेला तेव्हापासून त्याने घरचा नंबर म्हणून तोच दिलेला, आणि कॅप्टन झाला तरी तोच ठेवलेला. जाफन्याहून त्याचं शेवटचं पत्र दसऱ्याआधी आलं. मग तिथे लढाई पेटली, आणि पत्र नाही, निरोप नाही, काही नाही. आपला मुलगा जिवंत आहे की नाही, हे कुमुदला कळायचं तर ते समोरच्या घरातल्या शोकेसजवळच्या त्या काळ्या फोनवरून कळणार होतं. म्हणून ती सकाळ-संध्याकाळ निमित्त काढून जायची. कढीपत्ता आहे का, मिक्सरचं भांडं देतेस का, गॅसवाला येऊन गेला का. सगळा ताकाला जाऊन भांडं लपवण्यातला प्रकार, आणि विजयाला तो कळत असे. ती प्रश्न यायच्या आधीच मान हलवायची. "नहीं आया, कुमुदजी. आएगा, पक्का आएगा." आणि वर मूठभर कढीपत्ता द्यायचीच. आता कुठल्या तोंडाने जायचं? रिकामा डबा धाडणाऱ्या बाईकडे कढीपत्ता कसा मागायचा? उद्या फोन आला आणि तिने हाक मारली नाही तर? नाही, तेवढी वाईट ती नाही. पण मन चिंती ते वैरी न चिंती. कुमुदच्या मनाने तेवढ्यात फोन वाजवला, विजयाला तो उचलायला लावला, "राँग नंबर" म्हणायला लावलं आणि ठेवूनही द्यायला लावला. मग तिला स्वतःचीच लाज वाटली. पण राग काही गेला नाही. साडी नेसताना निऱ्या पुन्हा पुन्हा सुटत होत्या. घरातून बाहेर पडताना तिने समोरच्या दाराकडे मुद्दाम पाहिलं नाही, कुलपाकडे बघत कुलूप लावलं आणि पायऱ्यांकडे बघत जिना उतरली.

बसमध्ये बसायला जागा मिळाली, तेही तिला आवडलं नाही. उभं राहून धक्के खाल्ले असते तर डोकं तरी जरा रिकामं झालं असतं. खिडकीबाहेर बाजारातल्या लोकांनी पदपथावर पणत्या मांडल्या होत्या, स्वेटरांचे ढीग बाहेर आले होते. असलाच एक स्वेटर घेऊन विजया जूनच्या उकाड्यात धावत आली होती, विणता विणता, सुया तशाच लोंबत. त्या दिवशी आपल्या विमानांनी जाफन्यावर अन्नाची पोती टाकली होती. समुद्रापलीकडच्या त्या बेटावर तिथल्या सरकारच्या फौजेने जाफन्याला वेढा घातला होता, आणि विजयाची थोरली बहीण, तिची अक्का, लग्न होऊन तिकडे गेलेली, त्या वेढ्यात अडकली होती. "कुमुदजी, आपने रेडियो में पढ़ा ना? प्लेन गया? सच में गया?" कुमुद रेडिओच्या मराठी विभागात बातम्यांचं भाषांतर करायची आणि वाचायची, विजयाच्या लेखी ती विमानं जवळजवळ कुमुदनेच पाठवली होती. जुलैअखेर करार झाला. आपली फौज शांतिसेना म्हणून बेटावर उतरली, तिथल्या सरकारची फौज छावणीत परत गेली, आणि वर्षानुवर्षं माणसं खाणारी लढाई नळ बंद करावा तशी थांबली. तेव्हा विजयाने पायसम केलं होतं, भांडंभर. त्या फौजेत जयंतची तुकडी आहे हे कळल्यावर तर तिने कुमुदचे दोन्ही हात धरले आणि ती रडली. आणि कुमुदला काय वाटलं होतं? अभिमान. धडधडीत, गुबगुबीत अभिमान. आपला मुलगा कुणाला तरी वाचवायला गेला आहे, आणि ती कुणीतरी चक्क समोरच्या घरातली निघाली आहे, याहून आईला काय हवं? तिने लगोलग जयंतला लिहिलं: तिकडे आहेस तर विजयाआंटींच्या अक्कांना भेटून ये. वर्दीतच जा, त्यांना बरं वाटेल. रिकाम्या हाताने जाऊ नकोस. कुणाचं कोण कुठे आहे हे कळलं की भेटून यायचंच, हा कुमुदच्या माहेरचा कायदा. मावसजावेचा भाऊ झाशीला असतो एवढ्यावर ही माणसं झाशीला गाडीतून उतरून त्याला डिंकाचे लाडू देऊन येत.

आणि तो गेला होता. जीप घेऊन, दुधाचे डबे घेऊन, वर्दीत. अक्काने त्याला ओसरीवर केळीच्या पानावर जेवायला घातलं, आणि तो फोटो मद्रासमार्गे विजयाकडे आला. जयंत मांडी घालून बसलाय, कॅप शेजारी उलटी ठेवलीय, आणि पांढऱ्या केसांची एक बाई त्याच्या पानावर काहीतरी वाढते आहे, तो हाताने नको नको म्हणतोय. नको म्हणतानाही हावरट दिसणं ही त्याची लहानपणापासूनची खासियत. तो फोटो शोकेसमध्ये लागला. विजया सगळ्यांना दाखवायची, "मेरी अक्का, और हमारा जयंत." हमारा. मग ऑक्टोबर आला आणि लढाई पुन्हा सुरू झाली, फक्त बाजू बदलून. ज्यांना वाचवायला गेलो होतो त्या तामिळ माणसांतल्याच बंदूकवाल्या पोरांनी हत्यारं टाकायला नकार दिला, आणि आता आपलीच फौज जाफन्याच्या वेशीवर तोफा लावून उभी होती. कुमुदसमोर रोज इंग्रजी कागद यायचा आणि तिने त्याचं मराठी करायचं. ज्यांना जुलैत ती "तरुण" म्हणत होती त्यांना आता "अतिरेकी" म्हणत होती, आणि हे तिने ठरवलेलं नव्हतं, कागदावर तसं येत होतं. तरीही आवाज तिचाच होता. सांगलीत, परभणीत, गोंदियात माणसं जेवताना तो ऐकत होती. परवा संध्याकाळी विजयाने विचारलं, "आज रेडियो में क्या बोला?" आणि कुमुद बोलून गेली, "बस, दो-चार दिन. शहर अपने हाथ में आ जाएगा." तिला म्हणायचं होतं, मग जयंत सुटेल. विजयाने कढईतला झारा कढईतच ठेवला आणि नुसतं "अच्छा" म्हटलं. शहर हातात येईल! कुणाच्या हातात, आणि त्या शहरात कोण आहे? बसमध्ये कुमुदचे कान तापले. काल संध्याकाळी चिवडा द्यायला गेली ती खरं तर त्याची भरपाई करायला, पण विजयाने डबा घेतला आणि दोघीही नुसत्या चिवड्याबद्दल बोलल्या. त्याचंच उत्तर आज सकाळी आलं होतं. ठीक आहे. माझं चुकलं असेल. पण माझा मुलगा आहे तिथे, एकुलता एक मुलगा आहे, आणि मी काय म्हणायला हवं होतं? शहर हातात न येवो? तो रोज तिथेच उभा राहो, गल्लीगल्लीत, सुरुंगांवर पाय टाकत?

ऑफिसात भालचंद्र देवस्थळींनी तिचं तोंड पाहिलं आणि आपली खुर्ची जवळ ओढली. ते तिच्याहून वरिष्ठ, सगळ्या विभागात त्यांचा आवाज खर्जातला, आणि विनोद त्याहून खालच्या पट्टीतले. आज मात्र विनोद केला नाही. "दुपारचं मी वाचतो. तुम्ही नुसतं भाषांतर करून द्या." "का? मला काय झालंय?" "काही नाही हो. आज जाफन्याचं मोठं आहे, म्हणून म्हटलं." तिने ठाम नकार दिला. आपण वाचलं नाही तर काहीतरी वाईट होईल, अशी एक खुळी समजूत तिच्या मनात घर करून होती, आणि शिकल्यासवरल्या बाईला न शोभणारी म्हणून ती कुणाला सांगितलेली नव्हती. तिने कागद पुढ्यात घेतला. फौज शहराच्या मध्यापर्यंत पोचली होती. आपले इतके धारातीर्थी पडले, त्यांचे इतके मारले गेले, नागरिकांची हानी कमीत कमी व्हावी म्हणून काळजी घेतली जात होती. आकडे होते, नावं नव्हती. इतक्यांत तो असेल का? दर वेळी आकडा वाचताना तिला वाटायचं की आपण जरा हळू वाचलं तर आकड्याच्या आतलं दिसेल. मग तिच्या लक्षात आलं की आज आपण "नागरिकांची" या शब्दापाशी अडलो आहोत. ओसरी, केळीचं पान, पांढऱ्या केसांची बाई. या सगळ्या दिवसांत अक्का कशी असेल असं आपण विजयाला एकदा तरी विचारलं का? विचारलं असेल. असणारच. तिला आठवेना. तिला आठवत होतं ते फक्त रोज दारात उभं राहून विचारलेलं, आया क्या? स्टुडिओत तिने बातम्या एकदाही न अडखळता वाचल्या. देवस्थळी काचेपलीकडून मान हलवत होते, छान म्हणून. छान! तिला ती काच फोडावीशी वाटली.

परत येताना तिने आणखी भांडण रचलं. घरी जायचं, सरळ समोरची कडी वाजवायची आणि म्हणायचं, विजया, बोल काय ते एकदाचं. मला डबे पाठवून बोलू नकोस. हिंदीत हे कसं म्हणायचं ते तिने दोनतीन प्रकारे जुळवलं; रागाने बोलायचं म्हटलं की तिची हिंदी दिल्लीत इतकी वर्षं काढूनही लंगडत असे. ऊन उतरायला लागलं होतं, खालच्या मैदानात पोरं लवंगी वाजवत होती, आणि प्रत्येक फटाक्यागणिक तिचं जुळवलेलं वाक्य तुटत होतं. ती वर आली. भांडायचंच होतं, म्हणून या वेळी तिने समोरच्या दाराकडे पाहिलं. उंबऱ्यासमोरची फरशी कोरी होती. विजया रोज पहाटे तिथे तांदळाच्या पिठाचं कोलम काढायची, तापात काढायची, बाहेरगावी जाताना काढून जायची. आज काही नव्हतं. पुसलेलंही नव्हतं, काढलेलंच नव्हतं. कुमुदला ती कोरी फरशी पूर्वी कधी पाहिली ते आठवलं. विश्वनाथन यांचे वडील गेले होते तेव्हा. आणि मग एकेक गोष्ट धडाधड जागेवर बसत गेली, वाढलेली दाढी, नजर चुकवणं, आणि डबा. सुतकाच्या घरातून साखरसुद्धा बाहेर देत नाहीत. कऱ्हाडलाही देत नाहीत. हे तिला माहीत होतं, चांगलं माहीत होतं, आणि सकाळपासून हे सोडून बाकी सगळं तिच्या डोक्यात आलं होतं. कोण गेलं? तिचा हात कठड्यावर गेला. जयंत? फोन आला आणि सांगवत नाही म्हणून? नाही. जयंतचं सुतक त्यांना कसं लागेल? सुतक त्यांचं आहे, म्हणजे आपलं नाही. आपलं नाही! तिच्या छातीतून एवढा मोठा श्वास सुटला की तो तिला ऐकू आला. आणि तो ऐकल्यावर कुमुदला स्वतःची इतकी किळस आली की तिला जिन्यातच खाली बसावं लागलं.

बसून राहिली असती तर ती कदाचित गेलीच नसती. पण दार विजयानेच उघडलं. पावलं ओळखीची होती, आणि ती कुलूप काढल्याच्या आवाजाची वाट बघत होती, असं ती नंतर म्हणाली. केस मोकळे आणि ओले, कपाळ कोरं, साडी जुनी सुती. "अंदर आइए, कुमुदजी. यहाँ क्यों बैठी हैं?" घरात खरकट्याचा मागमूस नव्हता. स्वयंपाकघरातली सगळी भांडी घासून फळ्यांवर उपडी होती. "रात भर बर्तन धोए," विजया म्हणाली, "और क्या करती?" कुमुदने विचारलं नाही. विजयाने सांगितलं, सतरंजीवर बसून, भिंतीकडे बघत, मध्ये मध्ये तामिळमध्ये घसरत आणि परत हिंदीत येत. काल रात्री मद्रासहून भावाचा फोन आला. तिकडून होडीने निसटलेल्या कुणी मास्तरांनी त्याला निरोप दिला होता. अक्काच्या घरावर तोफेचा गोळा पडला. कुणाचा ते कुणालाच माहीत नाही. अक्काचे यजमान वाचले, ते मागे विहिरीवर होते. "पर घर में क्यों थीं?" कुमुद म्हणाली. तिने बातम्यांत वाचलं होतं, लोक देवळांत आणि शाळांत जाऊन राहिले आहेत. "पूरी गली कोविल में चली गई. सब बुलाने आए. अक्का नहीं गई." विजयाने पहिल्यांदा कुमुदकडे पाहिलं. "बोली, कॅप्टन मेरे घर में खाना खाके गया है. उसने बोला है, अक्का, कुछ भी हो, घर मत छोड़ना. हमारे लोगों को ये घर मालूम है."

कुमुदची नजर शोकेसकडे गेली. वर्दीतच जा, त्यांना बरं वाटेल. हे तिने लिहिलं होतं, इथेच, या जिन्यातल्या घरात, चहा पिता पिता. शोकेसमध्ये तो पोरगा केळीच्या पानासमोर बसून नको नको म्हणत होता. म्हातारीला धीर द्यावा म्हणून बोलला असेल. जेवण आवडलं म्हणून, आई आठवली म्हणून, काहीतरी चांगलं बोलून निघावं म्हणून. आणि ऑगस्टात ते खरंच होतं. ऑगस्टात त्या घराला कोण हात लावणार होतं? "विजया," ती म्हणाली, "मैंने भेजा था उसको." "हाँ," विजया म्हणाली. नाही म्हणाली नाही, तुमची काय चूक म्हणाली नाही. "मुझे सुबह आना था आपके पास. दरवाज़े तक आई. फिर सोचा, कुमुदजी को बोलूँगी तो वो जयंत को बोलेंगी. वो उधर बंदूक लेके खड़ा है. उसको ये नहीं मालूम होना." तिने पदराने नाक पुसलं. "इसलिए डब्बा इनके हाथ में दिया. मेरे मुँह से निकल जाता." कुमुद तिच्याजवळ सरकली आणि तिने विजयाचा हात धरला. तो हात पाण्याने सुरकुतलेला होता. त्यात राग होता का? असणार. पण तिने तो काढून घेतला नाही, आणि कुमुदला वाटलं, एवढ्यावर आपला हक्कच नाही, हे आपण घेता कामा नये. तरी तिने तो सोडला नाही. खाली पोरं लवंगी वाजवत होती आणि कुणीतरी त्यांना ओरडत होतं.

फोन वाजला तो ट्रंककॉलचा, लांब, श्वास न घेणारा. दोघी एकदम उठल्या. विजया जवळ होती, तिने उचलला, मद्रासहून भाऊच असेल म्हणून तामिळमध्ये काहीतरी म्हणाली, आणि गप्प झाली. मग तिने कुमुदकडे पाहिलं, आणि त्या पाहण्यातच कुमुदला कळलं. तिने शोकेस धरलं. "हाँ बेटा. विजया आंटी बोल रही हूँ. हाँ, हाँ, हैं इधर ही, खड़ी हैं. तुम किधर से? मद्रास? हॉस्पिटल में क्यों?" विजयाचा आवाज चढला. "हाथ में? बस हाथ में ना? सच बोलो." तिने आपल्या डाव्या कोपराखाली बोट लावून कुमुदला दाखवलं, इथे, एवढंच, आणि मान हलवली, ठीक आहे, ठीक आहे. कुमुदने रिसीव्हरसाठी हात पुढे केला. पण पलीकडून जयंत काहीतरी विचारत होता, अजून विचारत होता. विजया ऐकत होती. तिने डोळे बंद केले.

"अक्का?" ती म्हणाली. "अक्का ठीक है, बेटा." पलीकडून पुन्हा काहीतरी आलं, मोठ्याने, घाईने, कुमुदलाही सूर ऐकू येईल इतकं. "नहीं, नहीं. कहीं नहीं गई. तुमने बोला था ना? घर में ही रही." आणि मग, फोन किंचित दूर धरून, घसा साफ करून, "लो, मम्मी से बात करो."

काळा रिसीव्हर कुमुदच्या हातात आला. तो विजयाच्या गालाने गरम झाला होता. "आई? आई, आवाज येतोय का? अगं, बोल ना. मला काही झालेलं नाही, बिल्कुल ठीक आहे मी." तोच आवाज, जरा बसलेला. या आवाजासाठी तिने काय काय जुळवून ठेवलं होतं, किती रात्री, किती बसमध्ये. आता त्यातलं काही उरलं नव्हतं. तिला ओरडून सांगायचं होतं, तू घरी ये, आणि तिला ओरडून सांगायचं होतं, तू काय बोलून आलास रे, आणि मी तुला का पाठवलं. समोर विजया उभी होती. तिने ओठांवर बोट ठेवलं नव्हतं, खूणही केली नव्हती. ती नुसती कुमुदच्या तोंडाकडे बघत होती.

"जेवलास का?" कुमुद म्हणाली.

विजया एक पाऊल जवळ आली आणि तो काय सांगतो ते ऐकायला तिने कान पुढे केला.